तंटा, टाळ आणि तह

एकनाथांचे एक भारूड भांडणानेच सुरू होते. 'हिंदू-तुर्क संवाद' हे त्याचे नाव. तुर्क हिंदूच्या मूर्तींची आणि पुराणांतल्या देवांच्या फजितीची यथेच्छ टर उडवतो. हिंदू उलट विचारतो, देव सगळीकडे आहे म्हणता, मग तोंड पश्चिमेकडेच का? सोवळे-ओवळे, कुर्बानी, कर्मकांड, काहीच सुटत नाही. साठाहून अधिक कडवी ही खडाजंगी चालते आणि शेवटी दोघे एकमेकांना वंदन करून गळामिठी घालतात. सोळाव्या शतकात, निजामशाहीच्या मुलखात राहणाऱ्या पैठणच्या एका ब्राह्मणाने हे रचले, तेही चारचौघांत म्हणण्यासाठी.

ज्या संताला वारकरी 'शांतिब्रह्म' म्हणतात, त्याचे हे भारूड. नाथांच्या शांतीची प्रसिद्ध कथा वेगळी आहे. गोदावरीत स्नान करून येणाऱ्या नाथांवर एक यवन पुन्हा पुन्हा थुंकतो, आणि नाथ न चिडता पुन्हा पुन्हा नदीत उतरतात. कीर्तनकार ही कथा रंगवून सांगतात, कारण ती सांगायला सोपी आहे. भारूड अवघड. त्यात सहन करणे नाही, समोरच्याचे सगळे ऐकून घेऊन आपलेही सगळे बोलणे आहे. शांततेची मराठी गाणी शोधणाऱ्याने कथेपेक्षा भारुडापाशी अधिक थांबायला हवे.

छत्रपती संभाजीनगरातल्या गुलमंडीवरून हा शोध घ्यायला बरे पडते. सुपारी मारुतीवरून टिळकपथाने निघाले की पैठण गेट येते, आणि तिथून दक्षिणेला पन्नासेक किलोमीटरवर नाथांचे गाव. दुसऱ्या बाजूला दौलताबादचा किल्ला. तिथले किल्लेदार जनार्दनस्वामी हे नाथांचे गुरू, आणि जनार्दनस्वामींचे गुरू म्हणून परंपरा ज्या चांद बोधल्यांचे नाव घेते, ते सूफी कादिरी पंथाचे मानले जातात. गुलमंडीला लागून असलेल्या जुन्या शहरात शांतता हा पुस्तकी विषय नाही. मे २०१८ मध्ये मोतीकारंजा, राजाबाजार, शहागंज या भागांत दंगल उसळली, दोन जीव गेले, दुकाने जळाली. इथला व्यापारी शांततेची किंमत शटर ओढताना मोजतो.

पुण्याच्या रस्त्याला साठेक किलोमीटरवर नेवासे. १२९० मध्ये ज्ञानेश्वरी तिथे पुरी झाली आणि तिच्या शेवटी पसायदान आले. शाळेच्या प्रार्थनेपासून साहित्य संमेलनाच्या समारोपापर्यंत ते इतके म्हटले जाते की त्यातली मागणी किती धाडसी आहे, हे ऐकू येईनासे झाले आहे. दुष्टांचा नाश कर, असे त्यात कुठेही मागितलेले नाही. त्यांच्यातला वाकडेपणा जावा आणि त्यांनाही सत्कर्माची गोडी लागावी, एवढेच मागणे आहे. संन्याशाची पोरे म्हणून ज्यांना वाळीत टाकले होते, त्या भावंडांपैकी एकाचे हे मागणे आहे, हे ध्यानात ठेवले तर त्याचे वजन कळते.

उर्दूची बाजूही छत्रपती संभाजीनगरातच आहे. अठराव्या शतकातल्या सिराज औरंगाबादीची एक गझल आजही कव्वाल गातात. तिच्यात प्रेमाच्या बेहोशीत 'मी' आणि 'तू' दोन्ही विरघळून जातात. त्याच्या आधीचा वली दखनी याच मुलखातला, पण देह ठेवला तो अहमदाबादेत. २००२ च्या दंगलीत तिथली त्याची मजार उद्ध्वस्त झाली आणि त्या जागेवर रस्ता झाला.

ख्रिस्ती मराठीनेही आपली शांतिगीते घडवली. रेव्हरंड नारायण वामन टिळकांनी १८९५ मध्ये बाप्तिस्मा घेतला, पण अभंग-ओवी टाकली नाही. मिशनऱ्यांच्या इंग्रजी चालींवर बेतलेली भाषांतरे त्यांना मानवत नव्हती. मनःशांतीची आळवणी त्यांनी भजनाच्या वळणाने केली, आणि मराठी चर्चमध्ये ती गीते आजही गायली जातात.

इथवरची शांती मुख्यत्वे मनाची. ती समाजाच्या हिशेबात आणायला निराळे गळे लागले. राष्ट्रसंत तुकडोजी महाराज १९४२ च्या चळवळीत तुरुंगात गेले, आणि १९५५ मध्ये विश्वधर्म व विश्वशांतीच्या परिषदेसाठी जपानला जाऊन आले. हिरोशिमाला तेव्हा पुरी दहा वर्षे झाली होती. विदर्भाच्या खेड्यातली खंजिरी त्या देशात वाजली, ही घटना आपण फारच कमी सांगतो.

समाजाच्या हिशेबातल्या शांतीचा आणखी एक धागा मागे १८७३ सालापर्यंत जातो. त्या वर्षी अमेरिकेतल्या नॅशव्हिलच्या फिस्क विद्यापीठाचे 'ज्युबिली सिंगर्स' इंग्लंडात राणी व्हिक्टोरियापुढे गायले. त्यांतले बहुतेक गुलामगिरीत जन्मलेले. विद्यापीठ तगवण्यासाठी पैसे उभे करायला ते आपल्या आईबापांची भक्तिगीते गात फिरत होते. त्याच वर्षी पुण्यात जोतीराव फुल्यांनी 'गुलामगिरी' छापले आणि ते अमेरिकेत गुलामांच्या मुक्तीसाठी झटलेल्या लोकांना अर्पण केले. दोघांना एकमेकांची खबर असण्याचे कारण नाही, पण गाठ तेव्हाच पडलेली होती.

ही गाठ पुढे घट्ट झाली ती छत्रपती संभाजीनगरात. डॉ. आंबेडकरांच्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीने १९५० मध्ये इथे महाविद्यालय काढले, तेच नागसेनवनातले मिलिंद. साठच्या दशकात तिथे म. ना. वानखेडे अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांच्या साहित्याविषयी बोलू लागले, गंगाधर पानतावण्यांनी 'अस्मितादर्श' चालवले, आणि जनार्दन वाघमाऱ्यांनी अमेरिकन निग्रो साहित्य मराठीत आणले. ज्युबिली सिंगर्स गात त्या भक्तिगीतांतली शांतता दुहेरी असते. नदीपलीकडचा देश म्हणजे स्वर्ग, आणि मालकाला कळू न देता, गुलामगिरी नसलेली उत्तरेकडची राज्येही. नदीकाठी तलवार आणि ढाल खाली ठेवण्याची भाषा करणारे त्यांतले एक गीत पुढे व्हिएतनाम युद्धाविरुद्धच्या मोर्चांत गायले गेले. 'वुई शॅल ओव्हरकम'चा प्रवासही असाच: मुळे चर्चच्या भक्तिगीतांत, मग १९४५ च्या सुमारास चार्ल्सटनच्या तंबाखू कामगारांचा संप, पुढे नागरी हक्कांची चळवळ, आणि गिरिजाकुमार माथुरांच्या हिंदी रूपातून थेट आपल्या शाळांची स्नेहसंमेलने. प्रवासात त्यातला संप गळाला. शाळेतल्या मुलांना ते आता वार्षिक परीक्षेचे गाणे वाटत असेल तर दोष त्यांचा नाही.

मराठवाड्याचा स्वतःचा झगडा मात्र अजून गळायचा आहे. २७ जुलै १९७८ रोजी विधिमंडळाने मराठवाडा विद्यापीठाला डॉ. आंबेडकरांचे नाव देण्याचा ठराव केला आणि खेडोपाडी दलित वस्त्या पेटल्या. पुढच्याच वर्षी जोगेंद्र कवाडे यांच्या नेतृत्वाखाली नागपूरहून लाँग मार्च निघाला. नाव आले १४ जानेवारी १९९४ रोजी, तेही नामांतर टळून नामविस्तार होऊन. या साऱ्या वर्षांत आंबेडकरी जलसे आणि गायनपार्ट्या वस्त्यावस्त्यांत चालू होत्या. या परंपरेतला सर्वांत मोठा आवाज वामनदादा कर्डकांचा. सिन्नर तालुक्यातल्या देशवंडीत १९२२ मध्ये जन्मलेल्या या माणसाला मोठेपणी अक्षरओळख झाली, आणि त्याने हजारो गाणी रचली.

या गाण्यांत तह नाही, असा आक्षेप असतो. तुलनेसाठी पुन्हा नाथांकडे पाहू. नाथांनी चाळीसहून अधिक भारुडे महाराच्या तोंडी घातली. त्यांतला जोहार करणारा महार ब्राह्मणाला अध्यात्म शिकवतो, पण भारूड संपल्यावर वेशीबाहेरच राहतो. नाथांच्या काळाच्या मानाने तेही मोठेच. जलशात मात्र तोच माणूस स्वतः उभा राहून बोलला, आणि त्याने जोहार घातला नाही. त्याच कार्यक्रमांत बुद्धवंदनाही होते आणि करुणेची गाणीही असतात. आधी न्याय, मग शांतता, असा तिथला क्रम आहे. तो ऐकून अस्वस्थ होणारे लोक पसायदानाला मात्र माना डोलावतात, हे जरा गमतीचे आहे.

टिकलेली शांतिगीते पाहिली तर एक गोष्ट उघड दिसते. कोण कोणाशी भांडतो आहे हे ज्यांना ठाऊक होते, ती टिकली. राष्ट्रीय दिनांसाठी मागणीनुसार लिहिलेली एकात्मतेची समूहगीते दुसऱ्या दिवशी कुणी गुणगुणत नाही. त्यांत भांडणारे कुणी नसतेच, सगळे आधीच भाऊ-भाऊ असतात.

दरवर्षी १४ जानेवारीला विद्यापीठाच्या प्रवेशद्वारापाशी गर्दी लोटते, पुस्तकांचे स्टॉल लागतात आणि गाणी होतात. नामांतराच्या काळात गाणारे आता म्हातारे झाले आहेत. त्यांची बरीच गाणी वह्यांत आणि कॅसेटींवर असणार, आणि कॅसेटची फीत उन्हाळ्यात खराब होते. वाचकांपैकी कुणाच्या घरी, माळ्यावर, ट्रंकेत अशी वही किंवा कॅसेट असेल तर ती भंगारात घालू नका. गाणाऱ्याचे नाव, गाव आणि साल चिठ्ठीवर लिहून ती जवळच्या महाविद्यालयाच्या किंवा विद्यापीठाच्या ग्रंथालयात नेऊन द्या.