वाड्यावरचा पाटील, बागेतला माळी

पडद्यावर एक नंबरचा बेरकी, प्रत्यक्षात एक नंबरचा साधा. निळू फुले नावाचा माणूस मिमिक्रीच्या पलीकडे केवढा मोठा होता, माहितीये?

अंबरनाथ एमआयडीसीतल्या कुठल्याही कंपनीचा ॲन्युअल डे डोळ्यांसमोर आणा. गाणी-बिणी होतात, मग प्रॉडक्शनमधला कुणीतरी माईक घेतो, आवाज घोगरा करतो आणि म्हणतो, ‘बाई, वाड्यावर या!’ हॉलमध्ये हशा आणि शिट्ट्या! गंमत अशी, की हसणाऱ्यांपैकी अनेकांनी निळूभाऊंचा एकही सिनेमा धड पाहिलेला नसतो.

ऐंशी रुपये पगार

निळूभाऊ पुण्याचे. घरची परिस्थिती बेताची. विशीच्या आतच त्यांनी पुण्याच्या एएफएमसीत, म्हणजे लष्कराच्या मेडिकल कॉलेजात, माळ्याची नोकरी धरली. पगार महिना ऐंशी रुपये. त्यातले दहा ते राष्ट्र सेवा दलाला द्यायचे! दिवसा झाडं, नंतर सेवा दलाचं कलापथक. ‘जॉबमुळे आवडीचं काही करता येत नाही’ असं म्हणणाऱ्या आपल्यासारख्यांनी हे जरा लक्षात ठेवायला हवं.

‘कथा अकलेच्या कांद्याची’ या लोकनाट्याने त्यांचं नाव झालं. १९६८ मध्ये अनंत माने यांच्या ‘एक गाव बारा भानगडी’तून ते पडद्यावर आले. पुढे इरसाल पाटील, सरपंच, सावकार म्हटलं की निळू फुले, हे समीकरणच झालं.

नो आरडाओरडा

त्यांचा फंडा काय होता? ओरडायचं नाही. अर्धवट मिटलेले डोळे, दबका आवाज आणि दोन शब्दांमधली ती जीवघेणी शांतता. बास. गावोगावच्या बायका त्यांच्या नावाने खरोखर बोटं मोडायच्या. नटाला याहून मोठी पावती कुठली?

पण ते त्या साच्यात अडकले नाहीत. विजय तेंडुलकरांच्या ‘सखाराम बाइंडर’मधला सखाराम त्यांनीच रंगवला. १९७२ चं हे नाटक सेन्सॉरशी भांडत हायकोर्टापर्यंत गेलं. मग जब्बार पटेलांचा ‘सामना’. यातला साखरसम्राट हिंदुराव धोंडे-पाटील दारुड्या मास्तराला वाड्यावर आणतो, खाऊपिऊ घालतो. आणि तोच मास्तर मारुती कांबळेचं काय झालं, हे विचारत सुटतो. डॉ. श्रीराम लागूंचा मास्तर आणि निळूभाऊंचा पाटील, अशी ही जुगलबंदी १९७५ मध्ये बर्लिन महोत्सवापर्यंत पोचली. ‘सिंहासन’मध्ये (१९७९) तर ते थेट पलीकडच्या बाजूला! सत्तेचा खेळ बघून हतबल होणारा पत्रकार दिगू टिपणीस त्यांनी असा केलाय, की वाड्यावरचा पाटील आठवतही नाही.

कमावलेलं नाव कुठे खर्च केलं?

पडद्यावर गरिबांच्या जमिनी लाटणारा हा माणूस पडद्याबाहेर त्याच गरिबांसाठी झटणाऱ्यांच्या पाठीशी उभा राहिला. चळवळीत पूर्णवेळ काम करणाऱ्या कार्यकर्त्यांना दरमहा मानधन मिळावं म्हणून ‘सामाजिक कृतज्ञता निधी’ उभा करायचा होता. त्यासाठी लागू, तनुजा आणि निळूभाऊंसारख्या कलाकारांनी अत्र्यांच्या ‘लग्नाची बेडी’चे गावोगाव प्रयोग केले. तिकिटं खपली ती या नावांवर. अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कामातही ते हिरिरीने होते. खलनायकाच्या इमेजचा एवढा चांगला वापर दुसऱ्या कुणी केला असेल का?

१३ जुलै २००९ रोजी कॅन्सरने ते गेले. मिमिक्री अजून चालू आहे. चालू द्या, पण ओरिजिनल एकदा बघाच.

वीकेंडला मस्ट वॉच

सामना : सत्ता गोड बोलून माणसाला कशी गिळते, ते बघायला.
सिंहासन : न बोलता केलेल्या अभिनयासाठी.
सारांश (१९८४) : महेश भट्ट यांच्या या हिंदी सिनेमातला त्यांचा पुढारी. रोल छोटा, दहशत मोठी.