माध्यमांतर आणि लेखक : रत्नाकर मतकरी यांचे उदाहरण

प्रास्ताविक

एकाच लेखकाने कथा, नाटक आणि चित्रपट अशा अनेक क्षेत्रांत काम केले की आपण त्यास ‘अष्टपैलू’ म्हणतो आणि तेथेच थांबतो. हे विशेषण गौरवाचे असले तरी त्यातून वाङ्मयीन स्पष्टीकरण मिळत नाही. माध्यम बदलले की लेखकाची भाषा कशी बदलते, हा खरा अभ्यासाचा प्रश्न आहे. रत्नाकर मतकरी (1938-2020) यांच्या आधारे तो येथे पाहू.

कारकिर्दीची रूपरेषा

मतकरींची ‘वेडी माणसं’ ही एकांकिका 1955 मध्ये मुंबई आकाशवाणीवरून प्रसारित झाली, तेव्हा ते सतरा वर्षांचेही नव्हते. पुढे बँक ऑफ इंडियातील नोकरी सांभाळून त्यांनी लेखन व नाट्यनिर्मिती केली. 1978 मध्ये नोकरी सोडून ते पूर्णवेळ लेखक झाले. नोकरी करीत शिकणाऱ्या आपल्यासारख्यांनी ही बाब अवश्य ध्यानात घ्यावी.

भाषेची तीन रूपे

(अ) बालनाट्य : ‘अलबत्या गलबत्या’, ‘निम्मा शिम्मा राक्षस’ ही शीर्षके मोठ्याने उच्चारून पाहा. ‘निम्मा’ला अर्थ आहे, ‘शिम्मा’ हा केवळ त्याचा नादानुवर्ती जोडीदार. अशा अंशाभ्यस्त रचनेत आद्य ध्वनी बदलतो आणि उरलेला शब्द पुन्हा येतो. मुलांच्या बडबडगीतांतील हीच लकब मतकरींनी रंगभूमीवर आणली.

(आ) प्रौढ नाटक : महाभारत युद्धानंतरचा वनवास हा ‘आरण्यक’चा विषय. धृतराष्ट्र, गांधारी, विदुर यांच्या पश्चात्तापाला गद्य संवाद अपुरे पडले असते. म्हणून तेथे मुक्तछंद येतो. याउलट ‘लोककथा ’78’ मध्ये खेड्यातील दलितांवरील अत्याचार हा विषय आहे. तेथे नटांचा समूहच गाव उभे करतो आणि प्रेक्षकांशी थेट बोलतो. प्रेक्षकाला केवळ साक्षीदार राहू न देणे, हे या रचनेमागील नैतिक प्रयोजन होय.

(इ) गूढकथा आणि चित्रपट : गूढकथेत निवेदक किती सांगतो याहून तो काय राखून ठेवतो, हे महत्त्वाचे. मराठी वाक्यात कर्ता गाळता येतो. ‘दार उघडलं’ एवढेच म्हटले की ते कोणी उघडले, हे अनिश्चित राहते. गूढतेला ही व्याकरणिक सोय फार उपकारक ठरते. चित्रपटात मात्र दार दिसते, उघडणारा हातही दिसू शकतो. तेथे काय राखून ठेवायचे, हे वाक्य नव्हे तर चौकट ठरविते. स्वतःच्याच कथेवर आधारित ‘इन्व्हेस्टमेंट’ हा चित्रपट मतकरींनी सत्तरी ओलांडल्यावर दिग्दर्शित केला. महत्त्वाकांक्षी मध्यमवर्गीय आईवडील मुलाचा गुन्हा कसा पचवितात, याचे हे चित्रण. त्यास साठाव्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा मान मिळाला.

मूल्यमापन

अनेक क्षेत्रांत वावरणाऱ्या लेखकाचे एक नुकसान होते : कथेचे समीक्षक त्यास नाटककार समजतात आणि नाटकाचे समीक्षक कथाकार. त्यातही बालनाट्य व गूढकथा हे प्रकार दुय्यम मानण्याची सवय आपल्या समीक्षेला आहे. परंतु चेटकिणीला घाबरणारे मूल, ‘लोककथा ’78’मधील भयग्रस्त गाव आणि गुन्हा लपविणारे आईवडील यांना जोडणारा एक धागा आहे : भय माणसाकडून काय करवून घेते, हा प्रश्न. ठाण्यातील वस्त्यांमधील मुलांसाठी ‘वंचितांचा रंगमंच’ उभा करताना मतकरींनी त्या मुलांनाच आपली गोष्ट मांडण्यास प्रवृत्त केले. बोलू लागणे ही भयावर मात करण्याची पहिली पायरी होय.

स्वाध्याय

आपल्या परिचयाची एखादी मराठी कथा निवडा. तिच्यातील एक परिच्छेद नाट्यसंवादात रूपांतरित करा. निवेदकाची कोणती वाक्ये गाळावी लागली आणि त्यांचे कार्य कोणी केले, ते दहा ओळींत लिहा.