लोहगडावरचे शाहजादे आणि चित्रांतून पुसलेली राणी

लोहगडवाडीतून गणेश दरवाज्याकडे चढताना सुरतेची लूट आठवते, नाना फडणविसांची बांधकामे आठवतात. निजामशाहीचा काळ मात्र सहसा एका वाक्यात उरकतो: मलिक अहमदाने गड घेतला. त्या राजवटीत इथे दोन मुले कैदेत होती. दख्खनच्या दरबारी कलेचा एक मोठा धागा त्यांच्या घराण्यातून जातो, म्हणून ती हकीकत सविस्तर सांगायला हवी.

इब्राहिम आणि इस्माईल ही ती मुले. त्यांचा बाप बुऱ्हाण हा मुर्तझा निजामशहाचा भाऊ. भावाविरुद्धचे बंड फसल्यावर तो अकबराच्या आश्रयाला गेला. मुले लोहगडावर अडकली. १५८९ मध्ये अहमदनगरात गादीचा तंटा पेटला, तेव्हा दरबारातल्या एका गटाने दोघांना गडावरून बोलावून धाकट्या इस्माईलला सुलतान केले. १५९१ मध्ये बाप परतला आणि पोराला हटवून स्वतः गादीवर बसला.

बुऱ्हाणला जेमतेम चार वर्षे मिळाली. तेवढ्यात सय्यद अली तबातबाने त्याच्या आश्रयाने ‘बुऱ्हान-ए-मआसिर’ हा इतिहास लिहायला घेतला आणि खुरासानहून आलेल्या जुहूरीने ‘साकीनामा’ त्याला अर्पण केला. पुढे जुहूरी विजापुरास गेला. सरस्वती आणि गणपतीला वंदन करणाऱ्या इब्राहिम आदिलशहाच्या ‘किताब-ए-नवरस’ला त्याने फारसी प्रस्तावना लिहिली. एका दरबाराचा आधार सुटला की कवी दुसऱ्या दरबारात जाई आणि आपली घडण सोबत नेई.

बुऱ्हाण आणि मुर्तझा यांची आई खुंजा हुमायून. चांदबिबी तिचीच मुलगी. खुंजाचे रूप पाहायला पुण्याच्या भारत इतिहास संशोधक मंडळातले ‘तारीफ-ए-हुसेनशाही’चे हस्तलिखित पाहावे. आफताबी नावाच्या कवीने तिचा नवरा हुसेन निजामशहा आणि १५६५ची तालिकोटची लढाई यांवर रचलेले हे फारसी काव्य. म. श्री. माटे आणि जी. टी. कुलकर्णी यांनी ते १९८७ मध्ये संपादित केले. मूळ चौदा चित्रांपैकी बारा उरली आहेत. मजकूर फारसी, आकाश सोनेरी. पण स्त्रिया चोळी घातलेल्या, लांब वेण्यांना गोंडे लावलेल्या. एका चित्रात राणीच्या स्पर्शाने झाड फुलते. हा दोहदाचा संकेत संस्कृत काव्यातला आणि मंदिरशिल्पातला, आणि तो सुलतानाच्या स्तुतिग्रंथात इतक्या सहज आला आहे की चित्रकाराला त्यात काही परके वाटलेच नसावे. माझ्या मते सोळाव्या शतकातल्या दख्खनचा याहून बोलका पुरावा शोधून सापडणे कठीण.

हुसेन १५६५ मध्येच वारला. मुर्तझा लहान असल्याने कारभार खुंजाने पाहिला. १५६९च्या सुमारास त्याच मुलाने तिला कैद केले. हस्तलिखितात ती जिथे होती त्या बहुतेक चित्रांतून तिची आकृती पुसलेली आहे आणि अभ्यासक त्याचा संबंध या पाडावाशी जोडतात. दोहदाच्या चित्रात ती टिकली.

मार्क झेब्रोव्स्कीने १९८३ मध्ये दख्खनी चित्रकलेवर ग्रंथ लिहिला, २०१५ मध्ये न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयाने दख्खनच्या सुलतानांवर मोठे प्रदर्शन भरवले. जगाने या कलेची दखल घेतली. जुलै २०२५ मध्ये लोहगड जागतिक वारशाच्या यादीत गेला. आता गडाची माहिती सांगताना शिवकाल आणि पेशवाईच्या जोडीला १५८९ची ही हकीकत यावी, आणि पुण्याहून गडावर येणाऱ्या शाळांच्या सहलींना तारीफच्या चित्रांच्या छापील प्रती दाखवाव्यात.