मधल्या फळीचे मोल

पांढुर्णा वा सौंसर येथील मैदानावर मुले फुटबॉल खेळू लागली की प्रत्येकाला गोल करावयाचा असतो. परंतु खेळाचा तोल सांभाळते ती मधली फळी. प्रतिस्पर्ध्याकडून चेंडू हिरावून घेऊन तो आघाडीकडे पोहोचविणे आणि हल्ला फसताच बचावासाठी माघारी धावणे, हे तिचे दुहेरी काम होय.

पश्चिम बंगालमधील कल्याणीच्या संगीता बासफोर यांनी हेच काम पत्करले. सशस्त्र सीमा बलातील नोकरीने त्यांच्या खेळाला आधार दिला. २०२२ साली महिलांची आशियाई चषक स्पर्धा महाराष्ट्रात भरली असता करोनामुळे यजमान भारताला माघार घ्यावी लागली होती. पुढे ५ जुलै २०२५ रोजी चिआंग माई येथे थायलंडविरुद्ध पात्रतेचा निर्णायक सामना झाला. संगीता यांनी पहिला गोल केला. थायलंडने बरोबरी साधली. ७४व्या मिनिटाला दुसरा गोलही त्यांनीच केला. भारत २-१ असा जिंकला आणि पात्रता फेरीतून प्रथमच या स्पर्धेत पोहोचला.

मुलींच्या खेळाकडे चार दिवसांची हौस म्हणून पाहणाऱ्या पालकांनी या कारकीर्दीतील दोन्ही गोष्टी ध्यानात घ्याव्यात: मैदानावरील कष्ट आणि त्यांना लाभलेला नोकरीचा आधार.