शिरोड्याचे मास्तर, कोल्हापूरचे मास्टर

शिरोडा म्हटलं की मिठागरं आठवतात, १९३० चा मिठाचा सत्याग्रह आठवतो. सिनेमा सहसा कुणाला आठवत नाही. पण मराठी बोलपट आणि मराठी कादंबरीकार यांची सोयरीक जुळली त्यात इथल्या एका शाळामास्तरांचा मोठा वाटा होता. आणि ती जुळवून आणणारे होते कोल्हापूरचे एक नट, मास्टर विनायक.

विनायक दामोदर कर्नाटकी यांचा जन्म १९०६ चा. प्रभात फिल्म कंपनीच्या ‘अयोध्येचा राजा’मध्ये (१९३२) ते नारद झाले होते. पुढच्याच वर्षी प्रभातने पुण्याला बिऱ्हाड हलवलं. विनायक कोल्हापुरात राहिले. १९३५ मध्ये कोल्हापूर सिनेटोनसाठी त्यांनी पहिला बोलपट दिग्दर्शित केला, ‘विलासी ईश्वर’. कथा मामा वरेरकरांची, म्हणजे मालवणात वाढलेल्या माणसाची.

नट दिग्दर्शक झाला की आधी स्वतःची भूमिका वाढवतो, असा लोकांचा समज. विनायक आधी लेखक शोधत. १९३६ मध्ये बाबूराव पेंढारकर आणि छायालेखक पांडुरंग नाईक यांच्याबरोबर त्यांनी हंस पिक्चर्स काढली, आणि पहिल्याच चित्रपटासाठी, ‘छाया’साठी, वि. स. खांडेकरांना गाठलं. खांडेकर १९२० पासून शिरोड्याच्या इंग्रजी शाळेत शिकवत होते. ‘उल्का’, ‘दोन ध्रुव’ या त्यांच्या कादंबऱ्या वाचकांच्या हाती पडल्या होत्या. ‘छाया’च्या पडद्यावर देव आणि राजे आले नाहीत, गरिबीने मोडलेलं एक घर आलं. पुढे ‘ज्वाला’ आपटला, तरी ‘देवता’ आणि ‘अमृत’साठी विनायक पुन्हा खांडेकरांकडेच गेले.

विनोदासाठी त्यांनी आचार्य अत्र्यांना धरलं. ‘ब्रह्मचारी’मधला (१९३८) औदुंबर ब्रह्मचर्यावरचं भाषण ऐकून पेटतो आणि हौसेने जमवलेली नट्यांची चित्रं टाकून देतो. मग पोहण्याच्या पोशाखातली मीनाक्षी शिरोडकर समोर येते आणि व्रताचे तीनतेरा वाजतात. औदुंबर झाले होते स्वतः विनायक. स्वतःचं हसं करून घ्यायला नट सहसा बिचकतो. इथे दिग्दर्शकही तोच, त्यामुळे फजिती कुठवर ताणायची हे त्याच्याच हातात होतं.

नट-दिग्दर्शक म्हटलं की आपण चॅप्लिनचं नाव घेतो, ऑर्सन वेल्सचं घेतो. वेल्सचा ‘सिटिझन केन’ आला १९४१ मध्ये. तोवर विनायकांच्या दिग्दर्शनाला सहा वर्षं झाली होती. पडद्याबाहेर, लता मंगेशकरांचे वडील दीनानाथ गेल्यावर त्या कुटुंबाला हात दिला तोही विनायकांनीच. ‘बडी माँ’मध्ये (१९४५) नूरजहाँबरोबर किशोरवयीन लता दिसते. १९ ऑगस्ट १९४७ ला, स्वातंत्र्याला चार दिवस झाले असताना, विनायक गेले. वय अवघं एकेचाळीस.

नारदाचं काम इकडची गोष्ट तिकडे पोचवण्याचं. प्रभातमधली ती भूमिका संपली, पण हे काम विनायकांनी सोडलं नाही. समुद्रकाठची गोष्ट त्यांनी घाटावर नेली आणि तिथून पडद्यावर.