मालाडची नायिका, हिंदी पडद्याची आई

मालाड पश्चिमेला एस. व्ही. रोडवरून आत वळलं की बॉम्बे टॉकीज कंपाउंड लागतं. आत गाळ्यांना चिकटून गाळे, वेल्डिंगच्या ठिणग्या, अर्ध्या वाटेत आडवा लावलेला टेम्पो. १९३४ साली हिमांशू राय यांनी इथे स्टुडिओ उभारला. दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन आणि कॅमेरामन जोसेफ विर्शिंग थेट जर्मनीचे! आता पत्त्यात नाव तेवढं उरलंय.

‘कंगन’साठी लीला चिटणीस इथे आल्या, तेव्हा त्यांनी तिशी गाठली होती. जन्म धारवाडचा, शिक्षण बी.ए.पर्यंत, पदरी चार मुलं. शाळेत शिकवून झालं होतं, सिनेमात एक्स्ट्रा म्हणून उभं राहून झालं होतं, ‘जंटलमन डाकू’त पुरुषवेषही झाला होता. अशी बाई १९३९ साली नायिका होते आणि सिनेमा तुफान चालतो! पाठोपाठ ‘बंधन’, ‘झूला’. नायक तिन्हींत अशोककुमार, वयाने त्यांच्याहून लहानच. डोळ्यांनी बोलायचं कसं, हे लीलाबाईंकडून शिकलो, असं ते सांगत.

हे डोळ्यांचं प्रकरण मला फार मोलाचं वाटतं. नाटकात आवाज शेवटच्या रांगेपर्यंत फेकावा लागतो. कॅमेरा मात्र हातभर अंतरावर येऊन बसतो, पापणी लवली तरी टिपतो. लीलाबाई आल्या त्या ‘नाट्यमन्वंतर’ या नाट्यसंस्थेतून. ही मंडळी इब्सेनच्या वाटेने जाणारी, साध्या बोलण्यावागण्यातून नाटक उभं करणारी. ती सवय इथे कामी आली असणार.

१९४१ साली लक्स साबणाच्या जाहिरातीत त्या झळकल्या. तोवर ती जागा हॉलिवूडच्या तारकांची होती.

आणि सातच वर्षांनी, ‘शहीद’मध्ये, त्या दिलीपकुमारच्या आई! दोघांच्या वयात अंतर जेमतेम तेरा वर्षांचं. ‘आवारा’त राज कपूरची आई झाल्या, तिथे पंधरा. नायकांना असली बढती कुणी दिल्याचं आठवतं का? अशोककुमार १९५८ सालीही ‘चलती का नाम गाडी’त थोरले भाऊच होते.

पण ‘आवारा’ रशियात गाजला, चीनमध्येही गाजला. कंगन, बंधन ज्यांच्या कानावरही आलं नव्हतं, त्या शांघायच्या प्रेक्षकांनी मालाडची ही नायिका पाहिली ती पांढऱ्या केसांची, मुलाची वाट बघणारी.