घाट : वाट की डोंगर?

‘पश्चिम घाट’ हे नाव आपण भूगोलात नेहमी वाचतो. त्यावरून घाट म्हणजे डोंगरांची रांग, असा पुष्कळ विद्यार्थ्यांचा समज होतो. परंतु घरातील वडीलधाऱ्यांना विचारा. ते सांगतील, डोंगर तो सह्याद्री. घाट ही त्यातून जाणारी वाट!

हा शब्द संस्कृत ‘घट्ट’ या शब्दापासून आला. त्याचा अर्थ नदीकाठची उतरण्याची जागा. काशीचे घाट याच अर्थाचे. पाण्याकडे उतरा किंवा देशावरून कोकणात उतरा, कल्पना एकच आहे. जुन्नरजवळच्या नाणेघाटातील सातवाहनांचे शिलालेख सुमारे २,००० वर्षांपूर्वीचे आहेत. इतकी ही वाट जुनी.

पुढे युरोपीय लोकांनी हा शब्द ऐकला आणि वाटेचे नाव साऱ्या पर्वताला देऊन टाकले. तेच नाव परत आपल्या पुस्तकांत आले!

आता पदार्थविज्ञानाकडे वळू. घाट नागमोडी का असतो? चढ सौम्य केला, की गाडीला मागे ओढणारे बल कमी होते. मात्र वाट त्या प्रमाणात लांबते. १८६३ मध्ये सुरू झालेल्या बोरघाटातील लोहमार्गाचा चढ ३७ स १ आहे. म्हणजे ३७ मीटर अंतर कापल्यावर गाडी १ मीटर उंच जाते. तेथे १०० टनांच्या गाडीला मागे ओढणारे बल, घर्षण सोडून, सुमारे २.७ टन वजनाइतके भरते. सरळ उभे उचलायचे, तर पुरे १०० टन!

नकाशात ‘पश्चिम घाट’ अवश्य लिहा. पण जवळच्या एखाद्या घाटाचे नाव घेताना आठवा, की आपण वाटेचे नाव घेत आहोत.